शुक्रवारची तपासणी

होगाड्यांच्या फाउंड्रीने जादा वीज ओढली, असे ठरवून वीज कंपनीने भलेथोरले बिल पाठवले. नाही भरले तर वीज तोडणार, म्हणजे भट्टी कायमची थंड. होगाडे सरळ कोर्टात गेले.

कंपनीचे अभियंता देवस्थळी छाती काढून म्हणाले, "शुक्रवारी दुपारी मी स्वतः पाहिलं. सगळी यंत्रं धडधडत होती. पंचनाम्यावर सही माझी आहे."

होगाड्यांनी देवस्थळींच्याच सहीचे पत्रक पुढे केले: दुरुस्तीसाठी फाउंड्रीच्या औद्योगिक वसाहतीची वीज दर शुक्रवारी दिवसभर बंद.

"साहेब, माझ्याकडे जनरेटर नाही. दोन्ही कागद खरे असतील, तर मी वीज ओढत नव्हतो, तयार करत होतो. मग बिल मी यांना पाठवतो!"

न्यायाधीशांनी विचारले, "देवस्थळी, कुठला कागद मागे घेता?"

देवस्थळींनी पंचनामा मागे घेतला. पत्रकावर वरिष्ठांचीही सही होती.