विस्तव कुणाच्या नावानं

“...साऱ्या गावाला द्या बाबा, पर त्याला कामून दिला?”

तुळशीनाथानं खांद्यावरचं पिठाचं पोतं दारात आपटलं. पोतं उसवलं, पीठ फरशीवर सांडलं. त्याचं तिकडं लक्षच नव्हतं. तळपायाची आग मस्तकात गेली होती.

सोमनाथबाबा धुनीपाशी बसले होते. त्यांनी मान वर केली नाही. चिमट्यानं राख सारखी करीत राहिले.

“मागितला, म्हनून दिला.”

“कवा?”

“तू देवीच्या जत्रेला गेल्तास, तवा.”

“माझ्या माघारी.”

“तू असतास तर दिला असतास?”

“त्याचं टकुरं फोडलं असतं.”

“म्हनूनच तुझ्या माघारी.”

बालाघाटाच्या एका टेकडीवर हा नाथपंथी मठ. मठ म्हणजे चार दगडी खोल्या आणि मधल्या खोलीत धुनी. ती कधी विझली नाही असं खालचं हिंगणवाडी गाव सांगतं. सात पिढ्या म्हणणारे आहेत, चौदा म्हणणारेही आहेत. पिढ्या वाढवून सांगायला कुणाच्या बापाचं काय जातं?

पण गावाची एक रीत मात्र खरी. नवं घर बांधलं की वास्तूच्या दिवशी पहिली चूल या धुनीच्या विस्तवानं पेटवायची. घरात गॅसची शेगडी असली तरी तीन विटा मांडून चूल करायची, आणि सव्वा महिना तो विस्तव विझू द्यायचा नाही. विस्तव मागायला आलेल्याला देणाऱ्यानं विचारायचं, “कुणाच्या नावानं?” मग घरातल्या सगळ्यात लहान माणसाचं नाव सांगायचं. घर जगवायचं ते त्याच्यासाठी. नाव घेतल्याशिवाय विस्तव मिळत नाही.

आता अंबादासनं नवं घर बांधलं होतं. तो खापर घेऊन टेकडी चढला आणि बाबांनी त्याला विस्तव दिला. आठवडाभर तुळशीनाथाला पत्ता नव्हता. आज गिरणीवर लोक त्याच्याकडं बघून कुजबुजायला लागले तेव्हा त्याला कळलं.

तुळशीनाथ नाथ झाला तो नंतर. आधी तो हिंगणवाडीचा तुळशीराम. बायको बाळंतपणात गेलेली. मागं एकच पोरगा, गोविंद. अंबादासचं रान बांधाला बांध लागून. अंबादासनं भुईमुगात रानडुकरं येऊ नयेत म्हणून कुंपणाच्या तारेत चोरून वीज सोडली. पहाटे वीज काढायचं विसरला. शेळीमागं धावत गेलेल्या गोविंदनं तारेला हात लावला.

गोविंद सोळा वर्षांचा होता.

कोर्टात साक्षीला गाव फिरलं. अंबादास सुटला. तुळशीराम दोर घेऊन टेकडीवर आला होता, वर पिंपळ आहे म्हणून. बाबांनी त्याच्या हातातला दोर काढून घेतला, त्या दोरानं लाकडं बांधली आणि म्हणाले, “धुनीला लाकूड घाल. हिला विझू देऊ नको.”

एवढ्यावर माणूस जगला. आंघोळ चुकली, जेवण चुकलं, धुनी चुकली नाही. वळवाच्या पावसात कौलं उडाली तेव्हा त्यानं अंगावरची घोंगडी धुनीवर धरली आणि स्वतः कुडकुडत बसला. मठात आलेल्यानं धुनीकडं पाय केला तर तो अंगावर जायचा. लोक म्हणायचे, असा शिष्य मिळायला भाग्य लागतं. बाबा काही म्हणायचे नाहीत.

“कुनाच्या नावानं मागितला त्यानं?” तुळशीनाथानं विचारलं.

“नातीच्या.”

“नात झाली त्याला...”

“झाली.”

झालं, आगीत तेल पडलं. त्याला नात. नवं घर, घरात पाळणा, पाळण्यात वंश. आणि याच्या पडक्या घराची पांढरी मातीसुद्धा लोकांनी खत म्हणून शेतात नेऊन टाकली. देव कुठं बसतो आणि काय बघतो, असं तुळशीनाथाच्या मनात आलं. त्याला देवाचाही राग आला, बाबांचाही आला.

“बाबा, तुमाला ठाव हाये ही धुनी माझी कोन हाये?”

“कोन?”

“माझा गोविंद हाये ही.”

बाबांचा चिमटा थांबला.

“बारा वर्सं म्या हिला पोरावानी जपली. वंश बुडाला, घर बुडालं. म्हनलं, बुडू दे. म्या मेलो तरी हे राहील. माझ्या पोराच्या नावचं एवढं तरी राहील. आन् तुमी त्यातलाच तुकडा उचलून कुनाला दिला? ज्यानं मारला त्याला!”

...

बाबा उठले. म्हातारा माणूस, एरवी उठायला भिंतीचा आधार घ्यायचे. आता सरळ उठले. त्यांचा चेहरा लाल झाला होता. बारा वर्षांत तुळशीनाथानं बाबांना रागावलेलं पाहिलं नव्हतं.

“सोळा वर्सांचं पोर,” बाबा म्हणाले, “तू ह्या खड्ड्यात कोंडून ठिवलंस?”

कोपऱ्यात पाण्याच्या दोन घागरी होत्या. बाबांनी पहिली उचलली आणि धुनीवर पालथी केली.

काय होतंय हे तुळशीनाथाला कळायच्या आत दुसरीही रिकामी झाली. चर्र झालं. राखेचा आणि वाफेचा लोट आढ्यापर्यंत गेला. खोलीत काही दिसेना.

तुळशीनाथानं दोन्ही हात कुंडात घातले. ओली राख उपसली, लाकडं उलटीपालटी केली, कुठं एखादा निखारा राहिलाय का ते चाचपलं. हात भाजले. निखारा सापडला नाही. सगळा चिखल झाला होता.

मग त्यानं चिमटा उचलला. तो बाबांवर उगारला.

बाबा हलले नाहीत. डोकंही पुढं केलं नाही आणि मागंही घेतलं नाही. नुसते बघत राहिले.

चिमटा भिंतीवर जाऊन आदळला.

“मारला तुमी त्याला,” तुळशीनाथ म्हणाला.

“मेला?”

“मेला.”

“समदा?”

...

बराच वेळ गेला. वाफ दारातून निघून गेली. तुळशीनाथ चिखलात बसून होता. मग त्याच्या डोक्यात जे यायचं ते आलं, आणि आलं तेव्हा त्याला आणखीनच संताप आला. या उन्हाळ्यात गावात दुसरी वास्तू झालेली नव्हती. आधीच्या घरांनी सव्वा महिना झाल्यावर चुलीच्या विटा कधीच्या मोडल्या होत्या.

“खाली हाये,” तो दात खात म्हणाला. “त्याच्या चुलीत.”

“मंग आन.”

“म्या? त्याच्या दारात?”

“मला टेकडी उतरवत न्हाई.”

“फळीवर काडेपेटी हाये. तिनं पेटवतो.”

“पेटव की. भाकरी भाजंल तिच्यावर.”

तुळशीनाथ उठला. फळीकडं गेला नाही.

“त्याच्या दारात गेलो तर बाबा, त्याची चूल विझवीन. सांगून ठिवतो. त्याच्या घरात म्या गोविंदला ऱ्हाऊ देनार न्हाई.”

बाबांनी कोनाड्यातलं खापर काढून त्याच्या एका हातात दिलं. रांजणातून तांब्या भरला, तो दुसऱ्या हातात दिला.

“दोन्ही ने,” ते म्हणाले. “तिथं गेल्यावर बघ काय करायचं ते.”

टेकडी उतरताना तुळशीनाथ फार जपून चालला. तांब्यातलं पाणी हिंदकळू नये म्हणून. खापर मात्र दोनदा दगडावर आपटलं, त्याचा काठ उडाला. वाटेत भेटलेल्या माणसांनी रामराम केला. त्यानं घेतला नाही. उन्हं कलली होती. पोळलेल्या हातांची आग होत होती आणि त्याला ती हवीच होती.

अंबादासचं घर विटांचं, वर पत्रा, भिंतींना गिलावा नाही. दारावरचं आंब्याचं तोरण वाळून गेलं होतं. आत पाळण्याची कडी कुरकुरत होती. ओसरीच्या कडेला तीन विटांची चूल, आणि चुलीपुढं अंबादासची आई बसलेली. तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू वाढलेला. अंधुक उजेड तेवढा दिसायचा. चूल राखायचं काम घरच्यांनी तिला दिलं होतं, कारण म्हातारीला दुपारी झोप नसते आणि उठून ती कुठं जात नाही.

अंबादास उंबऱ्यावर बसून कोयत्याचा दांडा ठोकत होता. त्यानं वर पाहिलं. आधी माणूस पाहिला, मग तांब्या पाहिला. पुढं काय ते त्याला सांगावं लागलं नाही. त्यानं कोयता दूर ठेवला आणि भिंतीला लागून उभा राहिला.

“भाऊ...”

“भाऊ म्हनू नको.”

“न्हाई म्हनत. विझवायची तर विझव. म्या आडवा येनार न्हाई.”

असं म्हणायला नको होतं त्यानं. तुळशीनाथाला वाटलं होतं, हा अंगावर येईल, शिव्या देईल, मग आपण तांब्या फेकू, चूल लाथेनं उडवू, हाणामारी होईल, गाव जमेल. बारा वर्षं मनात हाणामारी करून ठेवलेल्या माणसापुढं कुणी भिंतीला लागून उभा राहिला तर त्यानं करायचं काय? असल्या गरीब तोंडाचाही राग येतो. याला आला.

तो चुलीपाशी गेला. तांब्या तिरपा केला.

राखेखाली गोवरी धुमसत होती. म्हातारीनं फुंकर घातली आणि राख बाजूला झाली. आत विस्तव लालबुंद होता.

...

हाच तो. वर चिखल झाला, आता एवढाच राहिला. पाणी ओतलं की गोविंद दुसऱ्यांदा जाणार, आणि या खेपेला तार अंबादासची नसणार.

तुळशीनाथानं तांब्या तसाच तिरपा धरून ठेवला. पाण्याचा एक थेंब विटेवर पडला. तो चर्र करून सुकला, आणि त्या आवाजानं म्हातारीनं मान वर केली.

“कोन हाये?”

म्हातारीनं आवाजाच्या दिशेला कान केला.

“कोन हाये रं? विस्तव मागाया आलास का?”

तुळशीनाथानं तांब्या खाली ठेवला. दोन दगडांमधून शब्द ओढून काढावा तसा तो बोलला.

“व्हय. विस्तव द्या.”

म्हातारीला सवयीनं जे विचारायचं ते तिनं विचारलं. तिला काही माहीत नव्हतं. कोण आलंय हे दिसतही नव्हतं.

“कुनाच्या नावानं?”

अंबादासनं डोळे मिटून घेतले.

घरातल्या सगळ्यात लहान माणसाचं नाव सांगायचं असतं. तुळशीनाथानं ते नाव बारा वर्षांत फक्त धुनीला सांगितलं होतं. आज रागाच्या भरात बाबांपुढं निघालं तेवढंच. माणसांत घेतलं नव्हतं. कोर्टात वकिलानं घेतलं तेव्हा हा उठून बाहेर गेला होता.

“गोविंदच्या,” तो म्हणाला.

म्हातारीचा हात थांबला. गावात गोविंद काही एकच नव्हता. पण आवाज तिनं ओळखला असावा. तिनं चाचपडत सांडशी घेतली.

अंबादास पुढं झाला. “थांब आये, म्या देतो...”

“तू हात लावू नको,” तुळशीनाथ ओरडला. पाळण्यातलं पोर दचकून रडायला लागलं. “म्हातारी देईल.”

अंबादास होता तिथं थांबला. म्हातारीनं अंदाजानं मोठा निखारा उचलला. खापर कुठं आहे ते तिला दिसेना, म्हणून तुळशीनाथाला तिच्या हाताला धरून तो खापरात ठेवून घ्यावा लागला. तिनं वरून राखेची मूठ टाकली.

“जपून ने, लेकरा,” ती म्हणाली. “वारं हाये.”

तुळशीनाथ ओसरी उतरला आणि मागं वळला.

“म्या तुला माफ केल्यालं न्हाई. ध्यानात ठिव.”

“ठाव हाये,” अंबादास म्हणाला.

पोर अजून रडत होतं.

तुळशीनाथ मठात पोचला तेव्हा दिवस मावळायला आला होता. बाबांनी कुंडातला चिखल उपसून कोरडी राख पसरली होती. म्हाताऱ्याला त्यात बराच वेळ लागला असणार, कारण त्यांची कफनी गुडघ्यापर्यंत काळी झाली होती. दारात सांडलेलं पीठ तेवढं तसंच होतं.

तुळशीनाथानं खापर कुंडात पालथं केलं. काटक्या रचल्या, गुडघे टेकून फुंकर घातली. नुसता धूर झाला. डोळ्यांत पाणी आलं, आणि ते धुराचं आहे असं त्याला वाटत राहिलं. मग एक काटकी पेटली. मग दुसरी.

बाबा समोर येऊन बसले.

“कुनाच्या नावानं मागितला?”

“गोविंदच्या.”

“कुनी दिला?”

“म्हातारीनं.”

बाबांनी मान हलवली. बाहेर पाखरांचा गलका चालला होता.

“पर बाबा, खरं सांगतो. राग गेला न्हाई. जाताना व्हता त्येवढाच हाये. त्याचं तोंड बघून वाढलाच जरासा.”

“राग सोड म्हनून सांगितलं का म्या तुला?”

“न्हाई.”

“मंग?”

तुळशीनाथानं धुनीत आणखी एक काटकी सारली.

बाबांनी पोळलेले ते दोन्ही हात उलटे करून पाहिले, आणि सोडून दिले.

“हात बरं झालं की लाकडाच्या दोन मोळ्या तोडत जा,” ते म्हणाले. “एक इथं टाक. एक खाली त्या म्हातारीकडं ने.”