रंगाऱ्याचा सरडा

नाकतोडे माणसांशी बोलत, त्या काळची ही गोष्ट. बयाजी रंगाऱ्याने दुकानात सरडा पाळला होता. त्याचे रंग बघायला गिऱ्हाइकं थांबत. बयाजी त्याच्यासाठी नाकतोडे धरून मडक्यात कोंडी, पण त्यांना एक पानही घालत नसे. "मरायचंच आहे त्यांना. चारा कशाला?"

सरडा रोज खाई आणि रोज वाळे. त्याचे पाय वाकले, रंग मातकट झाला. बयाजीने नाकतोडे वाढवले.

एकदा त्याची बायको यमुना एकच लुगडं पुन्हा पुन्हा कुंडात बुडवत होती.

"अगं, कुंडातला रंगच संपलाय," बयाजी खेकसला. "शंभरदा बुडवलंस तरी काय चढणार?"

"मालक," मडक्यातला म्हातारा नाकतोडा म्हणाला, "आमचंही तसंच आहे."

"जीव वाचवायला बघतोस होय रे?"

"जीव कसला वाचतोय! पण आम्ही उपाशी गेलो, तर सरड्याच्या अंगी काय लागणार?"

यमुनेने परसातला शेवग्याचा पाला आणून मडक्यात टाकला.

दिवाळीपर्यंत सरडा हिरवागार झाला. पाय मात्र वाकडेच राहिले. "माझा हात लागला की रंग चढतोच," बयाजी गिऱ्हाइकांना सांगे.

ते ऐकायला म्हातारा नाकतोडा नव्हता. तो केव्हाच सरड्याच्या पोटात गेला होता, पण भरल्या पोटी.