मेव्हणे, भावोजी आणि बांगड्याचं डोकं

खेकडे जेव्हा बोलत असत, तेव्हाची गोष्ट. सुट्टीच्या दिवशी सारा गाव खाडीच्या धक्क्यावर कुर्ल्या धरायला बसे. गळ नसेच. सुतळीला बांगड्याचं डोकं बांधून पाण्यात सोडायचं आणि खेकड्यानं ते पकडलं की हळूच वर ओढून जाळीत घ्यायचं, एवढंच.

असंच एक डोकं तळाशी आलं. नांग्या खेकड्यानं ते एका बाजूनं धरलं आणि त्याच्या बहिणीच्या नवऱ्यानं, तिरप्यानं, दुसऱ्या बाजूनं.

"भावोजी, सोडा. मी आधी पाहिलं."

"पाहिलं असेल, धरलं मी आधी. जावयाचा मान राखा जरा."

"लग्नात तीन पंगतींना जेवलात, तेव्हाच राखला की!"

भांडता भांडता पाणी उजळलं. नांग्यानं वर पाहिलं, तर पाण्याच्या तोंडाशी जाळी धरलेली.

"भावोजी, आपल्याला वर ओढतायत! दोघंही सोडू."

"आधी तुम्ही."

नांग्यानं एकदा त्या डोक्याकडे पाहिलं आणि नांगी उघडली. तो खाली जात असताना तिरप्याची आरोळी ऐकू आली, "जिंकलो! अख्खं माझं!"

पाठोपाठ सुतळी ओढणारी गोदाक्का धक्क्यावरून ओरडली, "गो वयनी, मसालो वाटूक घे! मोठो गावलो!"