कोऱ्या कोपऱ्याचं भांडण

तांबरपूर नगरीत वामन नावाचा एक चितारी होता. हात भारी सुरेख, पण नाक कायम वर!

तिथल्या राजाने साळ्यांची, म्हणजे विणकरांची, जुनी आळी पाडून रुंद रस्ता केला. साळ्यांना नवी घरं मिळाली, तरी मंडळी आळीची आठवण काढून हळहळायची. तेव्हा राजा वामनला म्हणाला, "रस्त्याकडेच्या भिंतीवर जुनी आळी रंगव. दसऱ्याला बघायला येईन. लोकांना पटली, तर तू दरबारी चितारी."

वामनने ती आळी कधी पाहिलीच नव्हती. पण हा पठ्ठ्या विचारतोय कुणाला? महिनाभर खपून त्याने झकास चित्र काढलं. सकाळची वेळ, आळीतून बैलगाड्या दौडताहेत.

दसरा चार दिवसांवर आला असताना म्हातारी ठकूबाई साळीण काठी टेकत तिथे आली. चित्र बघून ती तोंडाला पदर लावून हसतच सुटली.

"अरे बाबा, सकाळी आमच्या आळीत गाडी? सुताला खळ लावून आम्ही ते या टोकापासून त्या टोकापर्यंत ताणून ठेवायचो. नवरदेवाचं घोडंसुद्धा मागच्या बोळातून जायचं!"

वामनचा पारा चढला. "आजी, चित्रातलं तुम्हाला काय कळतं?"

"चित्रातलं नाही रे, आळीतलं कळतं," म्हणत ती निघून गेली.

संध्याकाळी वामन भिंतीपाशी उभा राहिला. साळी येत होते, एक नजर टाकून पुढे जात होते. कुणी थांबेना. चित्र पुसावं तर दरबारची जागा हातची जाणार, ठेवावं तर ती आळीच नव्हे. शेवटी त्याने चुन्याची बादली आणली आणि महिन्याची मेहनत स्वतःच्या हाताने पांढरी केली. मग तो साळ्यांच्या दारोदार गेला. "मंडळी, चुकलो. तुम्ही सांगा, मी रंगवतो."

मग काय विचारता! सगळी साळीमंडळी भिंतीपाशी लोटली. कडुनिंब कुणी इकडे सांगे, कुणी तिकडे. भांडणं तिथेच, भाकऱ्याही तिथेच. बोळातून जाणारा फुरंगटलेला नवरदेवही चित्रात आला.

दसऱ्याला राजा आला. चित्र बघून खूश झाला, पण एक कोपरा कोराच होता. "हे काय? अर्धवट?"

ठकूबाई पुढे झाली. "तिथे काय होतं यावरचं भांडण अजून मिटलं नाही, महाराज. पाच जणांची पाच मतं!"

राजा त्या कोपऱ्याकडे बघत राहिला आणि एकदम खो खो हसला. "सहावं माझं घ्या. सात वर्षांचा होतो. तिथेच तुमच्या सुतावरून उडी मारली, सूत तुटलं आणि ठकूबाई, तुम्ही माझा कान पिळलात!"

"अगं बाई! ते कार्टं तुम्ही होतात?" ठकूबाईने जीभ चावली. सगळी आळी हसायला लागली.

"दरबारी चितारी, उचला कुंचला," राजा वामनला म्हणाला, "आणि माझ्या कानाला लाल रंग जरा जास्तच लावा!"

तात्पर्य: गावाची आठवण एकट्याच्या डोक्यातून उतरत नाही. जे तिथे राहिले त्यांना आधी विचारावं, आणि आपलं चुकलं असेल तर ते पुसायला लाजू नये.