दाराशी रायाजी काय म्हणाला

"मग चुकलंय तरी काय, अण्णा?"

अण्णा वैशंपायन कऱ्हाडच्या आपल्या ओसरीवर पावटे सोलत बसले होते. उभी हयात ऐतिहासिक कादंबऱ्या लिहिण्यात घालवलेला हा म्हातारा आता नजर गेल्यामुळे इतरांच्या कादंबऱ्या नुसत्या ऐकायचा. विचारणारा रणजित जाचक हा त्यांचा जुना शिष्य.

त्याने नुकतंच आपल्या नव्या कादंबरीतलं निरोपाचं प्रकरण वाचून दाखवलं होतं. सरदार रायाजी लढाईला निघतो, दाराशी बायको उभी असते, आणि तो परत येत नाही. सगळी कादंबरी या एका प्रसंगावर उभी होती आणि तोच काही केल्या जिवंत होत नव्हता. रणजितच्या बायकोने तो वाचून, भाजी काय करू, एवढंच विचारलं होतं. बिचाऱ्याच्या ते फार मनाला लागलं होतं.

माहितीत मात्र तो कुणाला हार जाणारा नव्हता. मोडी शिकला होता. रायाजीच्या खोगिराचं कापड कुठल्या पेठेतलं, हेसुद्धा त्याने शोधून काढलं होतं आणि येईल त्याला ऐकवत होता.

"रायाजी निघतो ते पुन्हा वाच," अण्णा म्हणाले.

रणजितने घसा साफ केला. "'जातो मी. आता परत येणं नाही. पण पुढच्या पिढ्या या दिवसाची आठवण काढतील.'"

"परत येणं नाही, हे त्याला कसं कळलं?"

"तो त्या लढाईत पडला, अण्णा. बखरीत आहे."

"बखर त्याने वाचली होती?"

…

रणजितचे कान तापले. मग मनात साचलेलं सगळं बाहेर पडलं. इतकी वर्षं यात घातली, घरच्यांकडे पाहिलं नाही, आणि हाती काय, तर मेलेली पानं. आपल्यात ते नाहीच. आता लेखणी बंद, आणि या दारातही पुन्हा पाऊल टाकणार नाही, असं त्याने सांगून टाकलं. 

अण्णांचे हात थांबले. मग ते पुन्हा पावटे सोलू लागले.

निदान थांब तरी म्हणतील, असं रणजितला वाटलं होतं…

त्याने हस्तलिखित तिथेच ओसरीवर ठेवलं. वाकून नमस्कार केला. वहाणा घालून अंगण ओलांडलं, आणि फाटकाशी वळून म्हणाला,

"येतो, अण्णा."

म्हाताऱ्याने मान वर केली.

"आत्ताच म्हणालास, पुन्हा येणार नाही."

रणजित फाटकाला हात लावून तसाच उभा राहिला. निघताना 'जातो' म्हणायचं नाही, हे आईने लहानपणीच त्याच्या जिभेवर बसवलं होतं.  तो अंगणातून परत ओसरीपाशी आला.

अण्णांनी चाचपडत हस्तलिखित उचललं आणि त्याच्या पुढे धरलं.

"घे. त्या रायाजीलाही दाराशी एवढंच म्हणू दे."