तिसऱ्या हाकेची वाट

डोंगरमाथ्यावरच्या एका वाडीत ठमी नावाची एक सून होती. श्रावणातल्या एका सकाळी तिला काहीतरी खटकलं. गोष्ट तशी एवढीशीच. कड्याच्या बाजूने तिच्या नावाची हाक आली, पण त्या हाकेला शेपूट नव्हतं.

त्या वाडीत बाईला हाक मारायची एक रीत होती. नाव घ्यायचं, ते लांबवायचं आणि शेवटी ‘गो’ जोडायचा. ‘ठमेऽ गोऽ’ असं. धुक्यात वाट दिसेनाशी झाली तरी तो शेवटचा ‘गो’ पार खालच्या रानापर्यंत जायचा. आजची हाक नुसती ‘ठमे’ अशी आली. आली आणि तिथेच संपली.

ठमी ताक घुसळत होती. रवीची दोरी तिच्या हातात तशीच थांबली.

वाडी म्हणजे म्हशी पाळणाऱ्या धनगरांची दहा घरं. मागे रान, पुढे कडा. पावसाळ्यात भर दिवसा असं धुकं उतरायचं की आपलाच हात आपल्याला परका वाटावा. अशा जागी गोष्टी जन्माला येतातच. या वाडीची गोष्ट होती हाकरिणीची. ती म्हणे कड्याखाली राहते. धुकं पडलं की ओळखीच्या आवाजात नाव घेऊन बोलावते. जो ओ देईल, तो तिचा झाला. पण तिला दोनच हाका मारता येतात. तिसरी हाक आली, तर समजावं, हाक मारणारं माणूस जिवंत आहे. म्हणून धुक्यात तिसऱ्या हाकेशिवाय ओ द्यायची नाही. वाडीतला सगळ्यात म्हातारा माणूस लखूबाबा हे इतक्या ठामपणे सांगायचा, की जणू हाकरीण त्याच्याकडे रोज ताक प्यायला यायची.

ठमी मुळातच भित्री. मांजराने भांडं पाडलं तरी तिचा हात छातीवर जायचा. लग्न होऊन या वाडीत आल्यापासून तिने तो नियम पदराच्या गाठीत बांधून ठेवला होता.

तिची नणंद बायजा मात्र कशालाच भीत नसे. त्याच सकाळी म्हैस कड्याकडे भरकटली, तेव्हा डोक्यावर इरलं घेऊन तीच निघाली होती. उंबऱ्यावर थांबून ती हसत म्हणाली, “वयनी, मी हाक मारली की ओ दे हां. नायतर बसशील बोटं मोजत. एक... दोन...”

“जा गो, चेष्टा नको,” ठमी म्हणाली होती.

सासू रानात शेण वेचायला गेलेली. नवरा तूप घेऊन खाली बाजाराला गेलेला. घरात ठमी एकटी. आणि आता ही बिनशेपटाची हाक.

आवाज बायजाचा होता. पण बायजा अशी हाक मारत नसे. तिचा ‘गो’ तर सगळ्या वाडीत लांब. हा आवाज बारीक होता, जमिनीलगतून आल्यासारखा. ‘बायजाचा आवाज काढलाय कोणीतरी,’ ठमीच्या मनात आलं.

दुसरी हाक आली. “ठमे...” पहिलीपेक्षाही लहान.

ठमी उठून दारापर्यंत गेली. ओठ उघडले. ओ अगदी जिभेवर आली होती. पण तिने ती गिळली आणि तिसऱ्या हाकेची वाट बघत उभी राहिली.

तिसरी हाक आली नाही.

‘म्हणजे तीच होती,’ असं म्हणून ठमीने कवाड लावलं. पुन्हा डेऱ्यापाशी बसली आणि जोरजोरात ताक घुसळू लागली. रवीचा आवाज घरभर झाला की बाहेरचं काही ऐकू येत नाही. त्या दिवशी लोणी भरपूर आलं.

दुपारी धुकं निवळलं. म्हैस आपली आपण घरी आली. बायजा आली नाही. माणसं शोधायला गेली, तर ती कड्याच्या काठाखाली, पुरुषभर खोल असलेल्या एका कपारीत पडली होती. कारवीच्या झुडपांनी तिला अडवून धरलं होतं. छातीला मार लागला होता. लोकांनी तिला वर काढलं तेव्हा तिच्या अंगात अजून ऊब होती. जीव नव्हता.

कपारीपासून पहिलं घर हाकेच्या अंतरावर होतं. ते ठमीचंच.

सगळी वाडी अंगणात जमली. लखूबाबाने काठी टेकली आणि विचारलं, “ठमे, हाक आली होती का गो?”

सगळ्यांच्या नजरा तिच्याकडे वळल्या. सासू धोंडाई लेकीचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती. तिनेही मान वर केली.

ठमीला सांगायचं होतं. दोनदा आली, मी उभी राहिले, मी मोजत राहिले, एवढं तिला सांगायचं होतं.

“नाय,” ती म्हणाली.

एक शब्द. तो बोलायला काहीच वेळ लागला नाही.

“मग बायजानंच हाकरिणीला ओ दिली असंल,” लखूबाबा म्हणाला. “तीन हाका ऐकल्याबिगर पोर ओ देणार नाय. हाकरीण तिसरी हाक मारायला शिकली बघा. आता तिनावर भरवसा नाय. पाच मोजा.”

आणि वाडी पाच मोजू लागली.

पुढे दिवाळीनंतर एका घरची म्हैस आटली. दुसऱ्या घरी वासरू दगावलं. पाणवठ्यावर एका बाईला धुक्यात कुणीतरी हसल्याचा भास झाला. ती म्हणाली, “ते हसणं बायजाचंच.” महिन्याभरात सगळ्यांचं ठरून गेलं, की बायजाच आता हाकरीण झाली आहे. जी पोर सगळ्यांच्या म्हशी हाकून आणायची, तिच्या नावाने मुलं घाबरून जेवू लागली. मग कुणीतरी म्हणालं, पाच तरी कशाला मोजायच्या? कड्याकडून हाक आली तर ओ द्यायचीच नाही. मुकाट्याने कवाड लावून घ्यायचं.

धोंडाईला हे सोसत नसे. धुकं उतरलं की ती उंबऱ्यावर जाऊन बसायची, कड्याकडे कान लावून.

“आत ये, धोंडे,” लखूबाबा येऊन दटावायचा.

“माझी लेक हाक मारील तर?”

“ती आता तुझी लेक नाय.”

“मग कुणाची?” धोंडाई विचारायची. शेजारणी येऊन तिला दंडाला धरून आत न्यायच्या आणि बाहेरून कवाड ओढून घ्यायच्या.

हे सगळं ठमी बघायची. हाकरीण कुणी झालेली नाही, हे साऱ्या वाडीत तिला एकटीलाच ठाऊक होतं. कितीदा तरी ती सासूजवळ जाऊन उभी राही. म्हणे, “आत्या...”

“काय गो?”

“ताक देऊ?”

धोंडाई मान हलवायची. ठमी ताक द्यायची. असं वर्ष गेलं.

पुन्हा श्रावण आला. बायजा गेली त्या तिथीला कड्यावरच्या दगडाला शेंदूर लावून दहीभात ठेवायचा, म्हणजे ती वाडीला छळणार नाही, असं पंचांनी ठरवलं. आता कड्याकडे जाणार कोण? मोठमोठे गडी एकमेकांची तोंडं बघू लागले. शेवटी ठरलं, ज्यांच्या घरचं भूत, त्यांनीच जावं.

ठमीचा नवरा त्याही दिवशी बाजाराला गेला होता. धोंडाईने दहीभात कालवला. पान ठमीच्या हातात देताना ती हळूच म्हणाली, “वर लोण्याचा गोळा ठेव. बायजाला लोणी लागायचं.”

ठमीने लोणी ठेवलं. गोळा दोनदा घसरला, तिने तो दोनदा उचलून पुन्हा ठेवला.

ती निघाली तेव्हा आभाळ स्वच्छ होतं. दगडापाशी पोचेपर्यंत कड्याखालून धुकं वर चढलं. तिने शेंदूर लावला आणि पान ठेवायला वाकली. शेवाळलेला दगड. पाय सटकला. काही कळायच्या आत ती गवतावरून घसरत काठाखाली गेली आणि कारवीत अडकली. कूस दगडावर आदळली. पाय मुरगळून अंगाखाली आला. वर बघितलं, तर काठ पुरुषभर उंच. खाली नुसतं पांढरं धुकं.

तीच कपार होती.

“आत्याऽ गोऽ!” तिने हाक मारली. हाक नीट होती. शेपटासकट.

वर वाडीत “आत चल, धोंडे,” असा शेजारणींचा आवाज आला आणि एक कवाड लागलं. मग दुसरं. मग तिसरं. धुक्यात आवाज किती स्वच्छ येतो! अडसर घातल्याचंसुद्धा तिला ऐकू आलं.

“आत्याऽ गो! मी ठमी गो!”

कुणीतरी घाबरून पोराला आत ओढलं. पोर रडलं. त्याचं तोंड दाबलं गेलं.

तिसरी हाक मारताना तिच्या कुशीत कळ उठली. चौथ्या हाकेला श्वास पुरेना. ‘आत्या’ एवढंच बाहेर पडलं. ‘गो’साठी छातीत जागाच उरली नव्हती.

ठमीने कारवीची एक काटकी घट्ट धरली.

बायजाच्या हाकेला शेपूट का नव्हतं, ते तिला आता कळलं. तिसरी हाक का आली नाही, तेही कळलं. बायजा इथेच पडली होती. इथूनच तिने वयनीच्या घराकडे कान लावला असेल, रवीचा आवाज ऐकला असेल. पहिल्या हाकेनंतर तो थांबला, तेव्हा तिला वाटलं असेल, ऐकलं वयनीने. येतेय वयनी. मग दुसरी हाक. मग कवाड लागल्याचा आवाज. आणि मग पुन्हा रवी, जोरजोरात.

ठमी रडू लागली. कुशीतल्या कळेपेक्षा ते रडणं मोठं होतं. बराच वेळ ती नुसती रडली. हातातली कारवीची काटकी हळूहळू वाकत होती. आता दोन-चार हाकांपुरता दम उरला होता. तो जीव वाचवण्यासाठी वापरावा, की वर्षभर घशात अडकलेलं बोलण्यासाठी? दोन्ही व्हायचं नाही, हे तिला दिसत होतं.

तिने डोळे पुसले आणि जेवढा श्वास घेता आला तेवढा घेतला.

“आत्या... हाकरीण नाय कोण,” ती म्हणाली. “बायजानं मला दोनदा हाक मारली होती. मी ऐकली.” ती थांबली. पुन्हा श्वास गोळा केला. “मी ओ नाय दिली. मी तिसरीची वाट बघितली. पोर जिवंत होती, आत्या. माझी बायजा भूत नाय.”

आवाज वाडीवर गेला. मग फक्त गोठ्यातल्या म्हशीने अंग झटकलेलं ऐकू आलं.

ठमीने आणखी हाक मारली नाही. आपल्याला ओ मिळावी, असं म्हणायलाही तिला तोंड नव्हतं. ज्या आईची लेक तिने मोजत मोजत घालवली, त्या आईने का उठावं? तिने कपाळ ओल्या दगडाला टेकवलं.

मग एक कवाड वाजलं. ते लागलं नव्हतं. ते उघडलं होतं.

“धोंडे!” लखूबाबाचा आवाज चिरकला. “मागं फिर! तीच हाय ती. ठमीचा आवाज काढत्ये. ओ देऊ नको तिला!”

पावलं थांबली. एक क्षण गेला. मग दुसरा. आपण हे क्षणसुद्धा मोजतो आहोत, हे लक्षात येताच तिने मोजणं सोडून दिलं.

आणि काठाच्या अगदी वरून, वर्षभर कुणालाच ओ न दिल्याने घोगरा झालेला तो आवाज आला. रडवेला होता. पण त्याला शेपूट होतं.

“ओऽऽ गोऽ! ओऽ! हालू नको जागची. आले मी.”

तात्पर्य: हाक कानावर आली की ती मोजत बसू नये, आधी ओ द्यावी. भीतीपोटी न दिलेली ओ जिवंत माणसाचा जीव घेते, आणि ती लपवून ठेवली तर मेलेल्या माणसाचंही भूत होतं.