कुंडिकेची गाय

पूर्वी वेत्रनगरात अंगधर राजाची सत्ता होती. त्या काळी बोधिसत्त्व पशुवैद्याच्या कुळात जन्मले होते. जनावराला हात लावण्याआधी ते त्याच्याकडे बराच वेळ पाहत.

नगराबाहेरच्या गोपग्रामात कुंडिका ही विधवा गवळण राहत होती. गोपूजेच्या दिवशी दुपारी तिच्या गायीच्या तोंडाला फेस आला. गाय मान ताणून डोळे फिरवू लागली. पाण्यात तोंड घाली, पण पाणी नाकातून परत येई. गावचा प्रमुख, ग्रामणी, म्हणाला की गाय पिसाळली. गावची रीत कडक होती. पिसाळलेले जनावर भाल्याने मारायचे आणि त्याचे दूध प्यालेले घर शिवेबाहेर काढायचे. कुंडिकेने सकाळीच दोन्ही मुलींना दूध दिले होते. भालेकरी आले तेव्हा ती गोठ्याच्या दारात आडवी उभी राहिली. पण गायीकडे पाठ करण्याचीही तिला भीती वाटत होती.

तेवढ्यात कोणीतरी बोलावलेले बोधिसत्त्व आले. त्यांनी वासरू सोडायला सांगितले. कुंडिकेने दावे सोडले. गायीने वासराला चाटले; पिसाळलेली असती तर ती त्याच्या अंगावर धावली असती. मग बोधिसत्त्वांनी गायीची डावी कूस पाहिली. ती ढोलासारखी फुगली होती.

ते म्हणाले, "हिच्या घशात काही अडकले असावे. हात घालून पाहतो."

"वैद्यबुवा, घरी निरोप घेऊन आलात ना?" ग्रामणी म्हणाला. दोघे-तिघे हसले.

कुंडिकेने हळूच विचारले, "आणि तुमचे चुकले असले तर?"

"तर मी मरेन, बाई. पण पाहिले नाही तर ही नक्की मरेल."

गायीच्या दाढांत लाकूड अडकवून त्यांनी कोपरापर्यंत हात आत घातला. गायीने हिसडा दिला. लाकूड सरकले आणि त्यांच्या हातावरून रक्त वाहिले. कुंडिकेला वाटले, संपले सारे. तोच हात बाहेर आला. मुठीत कुंकू लागलेले लहानसे अख्खे बेलफळ होते. गायीने मोठी ढेकर दिली.

त्या गावात नैवेद्याचे फळ चिरीत नसत. सकाळी ते ग्रामणीनेच गायीला भरवले होते. त्याच्याकडे कोणी पाहिले नाही. "पुढच्या वेळी चिरून द्या," एवढेच बोधिसत्त्व म्हणाले.

तरी कुंडिकेची भीती गेली नाही. पुढे कितीतरी दिवस ती रोज त्यांच्या दारी जाई, आणि पिसाळ चढलेल्याला पाणी गिळवत नाही म्हणून, ते पाणी प्यायले की मगच परत फिरे.

ही कथा सांगून शास्ते, म्हणजे भगवान बुद्ध, समोर बसलेल्यांना म्हणाले, "आजाऱ्यांची सेवा करणारी ही भिक्षुणी तेव्हाची कुंडिका. खाली मान घालून बसलेला हा उपासक तो ग्रामणी. आणि तो वैद्य मी होतो. सगळे भ्यालेले असताना नीट पाहणे, हीच प्रज्ञा."